आफ्रिकेची कला आणि आपला किनारा

(बोरिवली येथील एका वाचनालयाच्या स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा संपादित मजकूर)



ज्या चित्रकला शिक्षकांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला दरवर्षी भरते, त्यांचा विद्यार्थ्यांना एकच आग्रह असायचा : आधी नीट पाहा, मग पेन्सिल उचला. त्यांना आदरांजली म्हणून मी आज पाहण्याविषयीच बोलणार आहे. आफ्रिकेची पारंपरिक कला आपण, म्हणजे महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर राहणाऱ्या माणसांनी, कुठे उभं राहून पाहायची, हा माझा आजचा प्रश्न आहे.

आजवर आपण ती पॅरिस आणि लंडनमध्ये उभं राहून पाहिली. कलेच्या इतिहासाच्या पुस्तकात आफ्रिका येते ती बहुधा पिकासोच्या प्रकरणात. १९०७ साली त्याने पॅरिसच्या ट्रोकाडेरो संग्रहालयात आफ्रिकी मुखवटे पाहिले आणि त्याच वर्षीच्या त्याच्या गाजलेल्या चित्रातल्या बायकांचे चेहरे मुखवट्यांसारखे झाले, असं आपण वाचतो. ते मुखवटे कुणी कोरले, कशासाठी कोरले, पॅरिसला कसे पोहोचले, याची चौकशी तिथे होत नाही. आपल्याकडेही हाच रस्ता रुळला. गोव्याच्या साळगावात जन्मलेले आणि १९४७ मध्ये मुंबईत प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप उभा करणारे फ्रान्सिस न्यूटन सूझा यांनी रंगवलेल्या चेहऱ्यांवर आफ्रिकी शिल्पाची छाप आहे, हे समीक्षकांनी अनेकदा लिहिलं. त्या छापेचा माग मात्र पॅरिसपर्यंत काढला जातो. ज्या गोव्यात पोर्तुगीज जहाजांनी पिढ्यानपिढ्या मोझांबिकहून माणसं आणली, त्या गोव्याची आठवण त्या चर्चेत क्वचितच निघते.

माझं म्हणणं असं आहे की, ही कला पाहायला आपल्याला आपली स्वतःची जागा आहे. आपल्या किनाऱ्याचं आफ्रिकेशी दोन हजार वर्षांचं जाणं-येणं आहे. आणि त्या कलेमागे जी समजूत आहे, ती आपल्या देवघरात आणि आपल्या जत्रेत आजही वावरते आहे.

युरोपात ही कला कशी पोहोचली, ते आधी सांगतो. फेब्रुवारी १८९७ मध्ये ब्रिटिश फौजेने आजच्या नायजेरियातलं बेनिन शहर घेतलं. राजवाडा लुटला गेला, शहर जळलं. राजा ओव्होनरामवेन याला कालाबारला हद्दपार केलं. १९१४ मध्ये तो तिथेच वारला. राजवाड्याच्या खांबांसाठी ओतलेल्या पितळी पाट्या, पूर्वीच्या राजांची मस्तकं, कोरीव हस्तिदंत असा हजारो वस्तूंचा ऐवज जहाजांतून गेला आणि लिलावांतून युरोपभर पांगला. त्या पाट्या त्या राज्याची बखरच होत्या. राजाच्या डाव्या-उजव्या हाताला कोण उभं राहायचं, सरदाराच्या गळ्यात पोवळ्यांच्या किती माळा असायच्या, पोर्तुगीज व्यापारी कसे दिसायचे, हे त्यांत ओतून ठेवलेलं होतं. पाट्या सुट्या सुट्या विकल्या गेल्या आणि बखरीची पानं देशोदेशी विखुरली.

त्याहून मोठं नुकसान समजुतीचं झालं. १९१० मध्ये लिओ फ्रोबेनियस हा जर्मन संशोधक इफे या योरुबा लोकांच्या पवित्र शहरी गेला. तिथली मस्तकं इतकी रेखीव आणि शांत होती की, आफ्रिकी हातांनी ती घडवली असतील हे त्याला मान्य करवेना. बुडालेल्या अटलांटिसची, ग्रीकांच्या एखाद्या हरवलेल्या वसाहतीची ही खूण आहे, असा सिद्धान्त त्याने मांडला. १९३८ मध्ये त्याच इफेत घराचा पाया खणताना तशीच आणखी मस्तकं निघाली. साधारण बाराव्या ते पंधराव्या शतकात तिथल्याच ओतारींनी ती घडवली, याबद्दल आता कुणाला शंका नाही.

ती घडवण्याची पद्धत आपल्या ओतारींना मुळीच परकी नाही. आधी मातीचा गाभा करायचा. त्यावर मेणाचा थर द्यायचा आणि नाक, डोळे, ओठ, केसांच्या वेण्या सगळं त्या मेणात कोरायचं. वरून पुन्हा माती लिंपायची आणि भट्टीत तापवायचं. मेण वितळून निघून जातं, उरलेल्या पोकळीत धातूचा रस ओततात. निवल्यावर साचा फोडावाच लागतो, त्यामुळे एका साच्यातून एकच मूर्ती निघते. दुसरी करायची तर पुन्हा मेणापासून सुरुवात. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने बाराव्या शतकात ‘मानसोल्लास’ या ग्रंथात मेणाची ही पद्धत लिहून ठेवली आहे. इफेचे आणि दख्खनचे ओतारी एकाच सुमारास एकाच तऱ्हेचं काम करत होते. बेनिन शहरात ओतारींची आळी आजही आहे, आणि त्यांच्या भट्ट्या आजही पेटतात.

आता आपल्या जागेकडे वळू. या सभागृहापासून कान्हेरीची लेणी हाकेच्या अंतरावर आहेत. तिथे दगडात कोरलेल्या दानलेखांत कल्याण, सोपारा आणि चौल इथल्या माणसांची नावं आहेत. कुणी व्यापारी, कुणी सोनार, कुणी लोहार. त्यांनी पाण्याच्या टाक्या आणि लेणी दान दिली. हा पैसा आला कुठून? इसवी सनाच्या पहिल्या शतकातलं ‘पेरिप्लस’ हे ग्रीक भाषेतलं पुस्तक म्हणजे नाविकांसाठी लिहिलेली माहिती आहे. त्यात आपल्या याच तीन बंदरांची नावं येतात, आणि आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावरच्या बंदरांचीही. भारताच्या पश्चिम किनाऱ्याकडून गहू, तांदूळ, तूप, तिळाचं तेल, सुती कापड आणि उसाची साखर समुद्रापार आजच्या सोमालियाच्या किनाऱ्याला जायची, असं त्यात नोंदलं आहे. बोरिवलीच्या डोंगरात बसलेले भिक्षू ज्यांच्या दानावर राहत होते, त्यांच्या व्यापाराच्या जगात आफ्रिका होती.

पुढच्या शतकांत या व्यापाराने कलेला थेट हातभार लावला तो मण्यांच्या रूपाने. चौलला, म्हणजे आपल्या रेवदंड्याजवळ, काचेचे मणी सापडले आहेत. केनियाच्या किनाऱ्यावरच्या जुन्या वसाहतींतही तसे मणी सापडले. काचेतल्या घटकांची तपासणी केल्यावर दोन्हींकडचे मणी एकाच तऱ्हेच्या भारतीय काचेचे असल्याचं दिसून आलं. या संशोधनात पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे विश्वास गोगटे सहभागी होते. दक्षिण आफ्रिकेत मापुंगुब्वे नावाची टेकडी आहे. तिथल्या तेराव्या शतकातल्या राजघराण्याच्या दफनांत सोन्याच्या पत्र्याचा चिमुकला गेंडा सापडला, आणि त्याच दफनांत हिंदी महासागराच्या व्यापारातून आलेल्या काचेच्या मण्यांच्या राशीही. तिथल्या राजाचा दिमाख ज्यांनी वाढवला, त्या मण्यांच्या कारागिरांत आपल्याकडचे लोकही असावेत.

काचेइतकाच महत्त्वाचा अकीक. गुजरातेत भरूच जिल्ह्यात रतनपूरजवळ अकीकाच्या खाणी आहेत आणि खंभातला तो घडवतात. खाणीतला मळकट तपकिरी दगड आधी उन्हात सुकवतात, मग मडक्यात घालून मंद आचेवर भाजतात. भाजल्यावर त्यातलं लोह लाल होतं. मग कारागीर जमिनीत रोवलेल्या लोखंडी खिळ्याच्या टोकावर दगड टेकवतो आणि शिंगाच्या डोक्याच्या हलक्या हातोडीने वरून टिचक्या देतो. टवका उडतो तो खालच्या बाजूने, खिळ्याला टेकलेल्या जागी. हे लाल मणी शतकानुशतकं आफ्रिकेत गेले. आणि या अकीकाच्या धंद्याचा आश्रयदाता म्हणून ज्यांचं नाव घेतलं जातं, ते बावा गोर हे स्वतः आफ्रिकेतून आलेले संत-व्यापारी. रतनपूरच्या डोंगरावर त्यांचा दर्गा आहे, आणि गुजरातेतले आफ्रिकी वंशाचे सिद्दी त्यांना आपले पूर्वज मानतात.

श्रोतेहो, या इतिहासात एक कटू गोष्ट आहे, ती लपवून चालणार नाही. या समुद्रावरून मण्यांबरोबर माणसंही विकली गेली. आफ्रिकेतून पकडून आणलेली माणसं अरब, गुजराती आणि पोर्तुगीज जहाजांतून आपल्या बंदरांत उतरली आणि आपल्याकडच्या श्रीमंतांनी ती विकत घेतली. एकोणिसाव्या शतकात झांझिबारचा हस्तिदंत मुंबईच्या बाजारात यायचा आणि त्यातून आपल्या देशातल्या नववधूंचे चुडे घडायचे. तो हस्तिदंत आफ्रिकेच्या आतल्या भागातून किनाऱ्यापर्यंत माणसांच्या खांद्यावरून यायचा, आणि त्या खांद्यांपैकी कित्येक गुलामांचे होते. घाटकोपर-मुलुंडच्या कितीतरी कच्छी घरांत झांझिबार आणि मोंबासाची नावं आजही आजी-आजोबांच्या बोलण्यात येतात. त्या आठवणींत कष्ट आहेत, धाडस आहे, व्यापारातली सचोटी आहे. त्या आठवणी लिहून ठेवताना वाहणाऱ्या खांद्यांचीही नोंद झाली पाहिजे.

जी माणसं अशी आली, त्यांच्यापैकी काहींनी दख्खनचा इतिहास घडवला. इथिओपियात १५४८ च्या सुमारास जन्मलेला एक मुलगा अनेकदा विकला गेला, बगदादमार्गे दख्खनला आला आणि निजामशाहीचा कर्ताधर्ता झाला. तो मलिक अंबर. १६१० मध्ये त्याने खडकी वसवली, तिला नहरीचं पाणी दिलं. तेच पुढे औरंगाबाद झालं. शहाजीराजे त्याच्याबरोबर लढले. १६२४ ची भातवडीची लढाई आपल्याला ठाऊक आहे. १६२६ मध्ये तो वारला, त्याची कबर खुलताबादला आहे. जहांगीर बादशहाला तो शेवटपर्यंत हाती लागला नाही. म्हणून बादशहाचा चित्रकार अबुल हसन याने एक चित्र काढलं : जहांगीर पृथ्वीच्या गोलावर उभा आहे आणि भाल्याच्या टोकावर खोचलेल्या मलिक अंबरच्या शिरावर बाण सोडतो आहे. हे चित्र आज डब्लिनच्या चेस्टर बीटी ग्रंथालयात आहे. प्रत्यक्षात असं काही घडलंच नव्हतं. ज्याला पकडता आलं नाही त्याला चित्रात मारावं लागलं, यातूनच त्या माणसाची उंची कळते. आफ्रिकी माणसाचा चेहरा एक विशिष्ट व्यक्ती म्हणून, नाव आणि मान देऊन रंगवण्याची परंपरा दख्खनच्या आणि मुघल चित्रकलेत सतराव्या शतकातच होती. हाशिम या चित्रकाराची मलिक अंबरची म्हणून ओळखली जाणारी व्यक्तिचित्रं त्याची साक्ष देतात.

जंजिऱ्याच्या सिद्दींना आपण शाळेत फक्त शत्रू म्हणून भेटतो. ते शत्रू होते, हे खरं. १९४८ पर्यंत त्यांचं संस्थान होतं, हेही खरं. पण किल्ल्याच्या दरवाजावरचा, पंजांत हत्ती पकडलेल्या वाघाचा शिल्पपट पाहताना आणि मुरूडजवळ खोकरीच्या सिद्दी सरदारांच्या दगडी कबरींच्या जाळ्या पाहताना हेही लक्षात घ्यावं की, समुद्रापलीकडून आलेल्या माणसांनी आपल्या मातीतले दगड आणि आपल्या मातीतले पाथरवट हाताशी घेऊन स्वतःची एक ओळख उभी केली. अहमदाबादच्या सिदी सय्यद मशिदीची झाडाची जाळी जगप्रसिद्ध आहे. १५७२-७३ ची ती मशीद बांधवून घेणारा सरदारही हबशीच होता.

दगड सरदारांचे. सामान्य सिद्दींकडे काय होतं? ज्याला बेड्या घालून जहाजात चढवलं त्याच्या हातात गाठोडं नव्हतं. त्याने आणली ती कला अंगात होती, हातांत आणि कानांत होती. गुजरातच्या सिद्दींचं मलुंगा हे वाद्य पाहा. एक लाकडी धनुष्य, त्याला एक तार, आणि धनुष्याला बांधलेला पोकळ भोपळा. वाजवणारा डाव्या हातात धनुष्य धरतो, भोपळ्याचं तोंड कधी अंगाला टेकवतो, कधी दूर नेतो. तेवढ्याने आवाज मिटतो आणि उघडतो. उजव्या हातात काडी, आणि त्याच हातात नारळाच्या करवंटीचा खुळखुळा. तारेवर काडी पडते तेव्हा खुळखुळाही बोलतो. अटलांटिकच्या पलीकडे ब्राझीलमध्ये याच कुळातलं बेरिंबाऊ वाजतं, कारण तिथेही आफ्रिकेतून गुलाम नेले गेले. दोन महासागरांच्या दोन टोकांना, एकमेकांना कधीही न भेटलेल्या माणसांनी एकच वाद्य केवळ स्मरणातून पुन्हा बनवलं. जगाच्या कलेच्या इतिहासात याहून मोठं धैर्य मला दिसत नाही.

आता देवघरात येऊ. आपल्याकडे देवघरात चांदीचे टाक असतात. कुलदैवताचा टाक असतो, कित्येक घरांत वीराचा, पूर्वजाचा टाक असतो. त्यांना स्नान घालतात, हळद-कुंकू लावतात, नैवेद्य दाखवतात. पिढ्यानपिढ्या पाणी आणि बोटं फिरून देवाचं नाक-तोंड झिजतं, मग देव उजळून आणतात. झिजलेला टाक पाहून कुणी म्हणत नाही की हे शिल्प खराब झालं. आता योरुबांचे इबेजी पाहा. योरुबा लोकांत जुळ्यांच्या जन्माचं प्रमाण जगात सर्वाधिक मानलं जातं, आणि जुळ्यांना ते विशेष शक्तीचे मानतात. त्यांतलं एक मूल दगावलं तर सुताराकडून वीतभर उंचीची लाकडी मूर्ती करून घेतात. मूल तान्हं गेलेलं असलं तरी मूर्ती पूर्ण वाढलेल्या माणसाची असते. आई तिला न्हाऊ घालते, अंगाला तांबड्या लाकडाची पूड चोळते, केसांना नीळ लावते, गळ्यात मणी घालते, जिवंत भावंडाबरोबर जेवू घालते. वर्षानुवर्षं हात फिरून डोळे आणि नाक गुळगुळीत होतात.

हा इबेजी काचेच्या पेटीत ठेवला तर पाहुण्याला त्यात फक्त एक झिजलेली बाहुली दिसेल. टाक उजळून आणणाऱ्या घरातल्या माणसाला मात्र ती झीज लगेच कळेल. म्हणूनच मी म्हणतो की, आपल्याला स्वतःची जागा आहे. बघण्यासाठी केलेली वस्तू आणि सांभाळण्यासाठी केलेली वस्तू यांत फरक असतो. आफ्रिकेतली बरीचशी पारंपरिक कला सांभाळण्यासाठी केलेली आहे.

मुखवट्यांचंही तसंच. नायजेरिया आणि बेनिन देशाच्या योरुबा गावांत शेतीचा हंगाम सुरू होण्यापूर्वी गेलेडे हा उत्सव होतो. थोर, वडीलधाऱ्या स्त्रियांच्या शक्तीला वंदन करण्यासाठी तो असतो, आणि नाचणारे पुरुष स्त्रीवेश घेतात. मुखवटा चेहऱ्यावर न बांधता डोक्यावर, जरा कलता ठेवतात. नर्तकाचा चेहरा खालच्या कापडाआड राहतो. मुखवट्याचा चेहरा शांत, पण त्याच्या माथ्यावर सगळं गाव कोरलेलं असतं : साप आणि पक्षी, बाजारातली बाई, अलीकडच्या काळात मोटारसायकलसुद्धा. ढोल वाजतो, गाणी होतात, त्यांत गावातल्या चुकारांना टोले असतात. युनेस्कोने हा उत्सव मानवजातीच्या अमूर्त वारशात नोंदवला आहे.

इथून पालघरच्या डोंगरात, जव्हार-मोखाड्याला गेलं की बोहाडा पाहायला मिळतो. उन्हाळ्यातल्या रात्री, टेंभ्यांच्या उजेडात, संबळाच्या तालावर गणपती, नरसिंह, रावण अशी एकामागून एक सोंगं येतात. मुखवटा जड असतो. तो अंगात भिनल्याशिवाय पाऊल पडत नाही. नाचून झाल्यावर तो आदराने ठेवून दिला जातो. बोहाड्याचा मुखवटा भिंतीवर टांगून ‘आदिवासी कला’ अशी चिठ्ठी लावली तर त्यातला टेंभा गेला, संबळ गेला, रात्र गेली. पॅरिसच्या भिंतीवर आफ्रिकी मुखवट्याचं हेच झालं. पिकासोला आकार दिसला, आणि त्याच्या प्रतिभेला तो पुरला. आपल्याला त्यामागचा नाच ओळखता येतो. हे भाग्य आपण वाया घालवू नये.

आता पुन्हा सिद्दींकडे वळू. उत्तर कन्नड जिल्ह्यातल्या हल्याळ आणि यल्लापूरच्या जंगलपट्टीत त्यांच्या वाड्या आहेत. त्यांची बोली कोकणी, तिच्यात मराठीचा मुबलक वावर. तिथल्या बायका जुन्या लुगड्यांच्या तुकड्यांची कवंदी शिवतात; आपल्या गोधडीचीच ही बहीण. कडेपासून सुरुवात करून टाके घालत घालत गोल गोल मध्याकडे यायचं, आणि शेवटी चार कोपऱ्यांवर कापडाची घडी घातलेली फुलं लावायची. ही फुलं नसतील तर कवंदी उघडीबोडकी राहिली, असं त्या मानतात. हेन्री ड्रुअल या अमेरिकन अभ्यासकाने या कवंद्या जगापुढे आणल्या. याच ड्रुअल यांनी मार्गारेट थॉम्प्सन ड्रुअल यांच्यासह १९८३ मध्ये गेलेडेवरचा महत्त्वाचा ग्रंथ लिहिला होता. योरुबांच्या उत्सवापासून निघालेला माणूस शेवटी आपल्या शेजारच्या राज्यात, आपल्या भाषेच्या शिवेवर येऊन पोहोचला. आपण मात्र शिवेवर राहून तिकडे गेलो नाही.

आता एका वर्षाकडे आपलं लक्ष वेधतो. वर्ष १८७४. नाशिकजवळ शरणपूर ही ख्रिस्ती मिशनची वसाहत होती. गुलामांच्या जहाजांतून सोडवलेली आफ्रिकी मुलं मुंबईहून तिथे पाठवली जात. तिथे ती लिहायला-वाचायला आणि सुतारकाम, लोहारकाम शिकत. त्यांतलाच जेकब वेनराइट हा तरुण. शोधप्रवासी डेव्हिड लिव्हिंगस्टन १८७३ च्या मे महिन्यात आजच्या झांबियात वारला, तेव्हा त्याच्या सोबत्यांत नाशिकचे हे तरुण होते. लिव्हिंगस्टनचं काळीज त्यांनी एका झाडाखाली पुरलं, जेकबने प्रार्थना वाचली आणि झाडाच्या बुंध्यावर नाव कोरलं. मग सगळ्यांनी मिळून देह महिनोन्‌महिने चालत किनाऱ्यापर्यंत आणला. १८ एप्रिल १८७४ रोजी वेस्टमिन्स्टर ॲबीत दफन झालं, तेव्हा शवपेटीला हात लावणाऱ्यांत जेकब वेनराइट होता.

त्याच वर्षी, फेब्रुवारीत, ब्रिटिश फौजेने आजच्या घानातलं कुमासी शहर लुटून जाळलं होतं. तिथल्या असांते राजांचं सोनं लंडनला आलं आणि विकलं गेलं. त्यातला काही भाग साउथ केन्सिंग्टनच्या संग्रहालयाने घेतला. तेच आजचं व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियम. ज्या वसंतात लंडनने नाशिकच्या एका आफ्रिकी तरुणाच्या निष्ठेचं कौतुक केलं, त्याच वसंतात त्याच शहरात आफ्रिकेच्या लुटीचा बाजार भरला होता.

बरोबर दीडशे वर्षांनी, २०२४ मध्ये, या म्युझियमने आणि ब्रिटिश म्युझियमने मिळून असांतेंच्या ३२ वस्तू कुमासीच्या मन्हिया राजवाड्यातल्या संग्रहालयाला तीन वर्षांसाठी उसन्या दिल्या. आणि त्याच वर्षी जुलैत त्याच व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियमकडून वाघनखं साताऱ्याला आली, तीही तीन वर्षांच्या बोलीवर. दोन्हींचा पूर्वेतिहास वेगळा आहे. वाघनखं ग्रँट डफच्या घराण्याकडून तिथे गेली, असांतेंचं सोनं उघड लुटीचं. तरी साताऱ्यात रांगेत उभं राहिलेल्या मराठी माणसाच्या मनात जे दाटून आलं, तेच कुमासीत उभ्या राहिलेल्या असांते माणसाच्या मनात आलं असणार. घरची वस्तू घरी पाहुणी म्हणून येते, याचं सुख आणि सल दोन्ही आपल्याला कळतं. आफ्रिकेतल्या देशांनी आपला वारसा परत मागितला तर आपण तटस्थ राहायचं कारण नाही. फ्रान्सने २०२१ मध्ये बेनिन देशाला २६ वस्तू कायमच्या परत दिल्या, जर्मनीने २०२२ मध्ये नायजेरियाला बेनिन शहराचे ओतीव नग दिले. हे करता येतं, हे त्यांनी दाखवून दिलं आहे.

शेवटचा मुद्दा नावांचा. संग्रहालयांतल्या आफ्रिकी शिल्पांखाली बहुधा फक्त जमातीचं नाव असतं. जणू संपूर्ण जमातीने एकत्र बसून मूर्ती कोरली. योरुबा प्रदेशात ओलोवे नावाचा शिल्पी होता, इसे गावचा. १९३८ मध्ये तो वारला. इकेरेच्या राजासाठी त्याने कोरलेलं दार १९२४ च्या वेम्बलीच्या साम्राज्य प्रदर्शनात मांडलं गेलं. त्यावरच्या आकृती इतक्या उठावाच्या आहेत की, त्या दारातून बाहेर पाऊल टाकताहेत असं वाटतं. ब्रिटिश म्युझियमला ते हवं होतं. राजाने पैसे घेतले नाहीत, बदल्यात विलायती सिंहासन करून घेतलं. ओलोवेला त्याच्या मुलखात सगळे नावाने ओळखत; त्याची स्तुतिगीतं गात. तो निनावी झाला तो म्युझियमच्या चिठ्ठीवर. आपल्याकडे वारली चित्रांचं काय झालं होतं? सत्तरच्या दशकात चित्रकार भास्कर कुलकर्णी डहाणूकडे गेले आणि जिव्या सोमा मशे हे नाव जगाला कळलं. २०११ मध्ये मशे यांना पद्मश्री मिळाली. नाव कळलं की जमातीच्या जागी माणूस दिसतो, त्याचा हात ओळखता येतो, त्याला मोबदला द्यावा लागतो आणि त्याच्याशी वाद घालता येतो.

म्हणून समारोप करताना या वाचनालयाकडे आणि आपल्या सर्वांकडे माझ्या काही मागण्या आहेत. वाचनालयात आफ्रिकेच्या कलेचा आणि सिद्दींच्या इतिहासाचा एक कप्पा करा. वार्षिक उत्सवात एकदा मलुंगा वाजवणाऱ्या कलावंतांना आणि कवंदी शिवणाऱ्या बायकांना बोलवा. निमंत्रणपत्रिकेवर त्यांची नावं आणि गावं छापा, आणि आपण गायकाला जेवढी बिदागी देतो तेवढीच त्यांना द्या. शाळेची सहल जंजिऱ्याला नेणाऱ्या शिक्षकांनी मुलांना खोकरीच्या कबरीही दाखवाव्यात. वेरूळला नेणाऱ्यांनी वाटेत खुलताबादला मलिक अंबरची कबर दाखवावी. घाटकोपर-मुलुंडच्या ज्या घरांत झांझिबारची जुनी पत्रं आणि फोटो पडून आहेत, त्यांनी ते जपावेत आणि अभ्यासकांना पाहू द्यावेत.

आणि आणखी एक. आपल्या उपनगरांत आफ्रिकेतून आलेले विद्यार्थी आणि व्यापारी राहतात. त्यांना भाड्याने घर मिळत नाही, लोकलमध्ये लोक त्यांच्याकडे टक लावून पाहतात, कधी कधी अपशब्दही ऐकावे लागतात. त्यांच्या पूर्वजांच्या हातची कला थोर आहे हे सभागृहात मान्य करायचं आणि जिन्यात भेटल्यावर तोंड फिरवायचं, हे आपल्याला शोभणारं नाही. ते आपल्या किनाऱ्यावर आलेले पहिले आफ्रिकी नाहीत. त्यांना शेजाऱ्यासारखं वागवा.